समोरच्याची वाक्यं

बाईंच्या घरातली वरची खोली भाड्यानं मिळायला अट एकच होती. रोज संध्याकाळी साडेसहाला खाली यायचं, त्यांच्यासमोर अर्धा तास बसायचं आणि त्या देतील त्या कागदावरची वाक्यं वाचायची. पाणी किती वेळ येतं, गच्चीची किल्ली कुणाकडं असते, असले माझे प्रश्न मी पाठ करून गेले होते. त्यांनी त्यांतला एकही ऐकून घेतला नाही. मला खुर्चीत बसवलं, हातात एक चुरगळलेला कागद दिला आणि म्हणाल्या, "हे वाच बघू. खणखणीत वाच. ॲक्टिंग करायची न्हाई."

कागदावर कुठल्याशा नाटकातल्या सासऱ्याची वाक्यं होती. सातवीच्या वर्गात धडा वाचावा तशी मी ती वाचली. माझ्या प्रत्येक वाक्यावर बाई समोरून उत्तर देत होत्या, आणि देता देता शेंगा फोडत होत्या. कागद संपल्यावर त्यांनी विचारलं, "कामाला कुठं असतीस?"

"हायस्कूलमध्ये मराठी शिकवते."

"मराठी?" त्यांचा हात थांबला. "मग झ्याक झालं. चुकलं की तिथल्या तिथं टोकायचं. ही रागवत न्हाई."

ही कोण, म्हणून मी दाराकडं बघितलं. घरात आम्हा दोघींशिवाय कुणीच नव्हतं.

मंगळवार पेठेतल्या त्या घरात मी अकरा वर्षं राहिले. मी मूळची नगरची, नोकरी लागली म्हणून कोल्हापूरला आलेली. बाईंनी तेव्हा साठी ओलांडली होती. चाळीस वर्षं नाटकातून गावोगाव हिंडून झालं होतं आणि टीव्हीवर त्या बरीच वर्षं कुणाची ना कुणाची सासू म्हणून दिसत होत्या. यजमान साखर कारखान्यात नोकरीला होते, ते जाऊनही बराच काळ लोटला होता. मूलबाळ नव्हतं. सगळी पेठ त्यांना 'बाई' म्हणायची. शाळेत पोरं मलाही बाईच म्हणायची. एका घरात दोन बाई नकोत म्हणून त्यांनी पहिल्याच दिवशी माझं नाव 'मास्तरीण' ठेवलं आणि पेठेनं ते लगेच उचललं. माझं खरं नाव त्या गल्लीत आजही कुणाला सांगता येणार नाही.

तर 'ही' म्हणजे बाई स्वतः. "ही आंघोळीला चालली." "ही आज जेवणार न्हाई, पोट जड हाय." पहिले काही दिवस मला घरात त्यांची धाकटी बहीण राहते आहे आणि ती कायम दुसऱ्या खोलीत असते, असं वाटायचं. एकदा गॅसवाला सिलिंडर घेऊन दारात उभा राहिला, तर ह्यांनी स्वतः दार उघडून "ही घरात न्हाई, उद्या या" असं सांगितलं आणि दार लावून घेतलं. तो बिचारा बराच वेळ त्या बंद दाराकडं बघत होता.

मला आधी वाटलं, नटव्या माणसाचे नखरे. स्वतःला असं लांबून न्याहाळायची सवय लागली असेल. मग एक गोष्ट ध्यानात आली. पुण्या-मुंबईच्या लोकांशी बाई फोनवर स्वच्छ पुस्तकी मराठी बोलायच्या आणि तिथं बिनदिक्कत 'मी' म्हणायच्या. "मी उद्या सकाळी निघते." "मी ते वाचलं." फोन ठेवून वळल्या की लगेच, "ही दमली बघ बोलून." कोल्हापुरीतही 'मला' चालायचं, 'माझं' चालायचं. फक्त कर्त्याच्या जागी 'मी' यायचा झाला की तिथं 'ही' येऊन बसायची. एवढं व्याकरण मी टिपून ठेवलं होतं. त्याचं कारण मला पुढं कितीतरी वर्षं कळलं नाही, आणि म्हणे मी भाषेची शिक्षिका.

संध्याकाळच्या अर्ध्या तासाचंही एक शास्त्र होतं. बाई स्वतःची वाक्यं कधी पाठ करायच्या नाहीत. समोरच्याची करायच्या. नवी संहिता आली की दुसऱ्या पात्रांची वाक्यं आपल्या हातानं मोठ्या अक्षरांत कागदावर उतरवून काढायच्या. तेच कागद माझ्या हातात यायचे.

"आपलंच पाठ केलं की माणूस आपलं म्हणायची वाट बघत उभा ऱ्हातोय," त्या म्हणायच्या. "समोरचा काय बोलतोय तिकडं ध्यानच नसतंय. समोरच्याचं नीट ऐकलं की आपलं आपसूक येतंय."

"पण न पाठ करता येतं कसं?"

"भूक लागली की हात तोंडाकडं जातोय, त्यो काय पाठ करतीस व्हय?"

ह्या रीतीचा एक किस्सा त्या फार रंगवून सांगायच्या. शिरोळकडच्या एका गावात उरुसाचा प्रयोग होता. साखर कारखान्यांचा हंगाम नुकताच संपलेला, ऊस गेलेला, लोकांच्या हाताला सवड, त्यामुळं मैदान तुडुंब. दुसऱ्या अंकात नवरा झालेला नट एकाएकी कोरा पडला. एक शब्द आठवेना. विंगेतून सांगत होते ते त्याला कर्ण्याच्या आवाजात ऐकू जाईना. बाई म्हणे शांतपणे त्याच्याभोवती फिरल्या आणि म्हणाल्या, "बोलू नका. तुमच्या मनात काय आहे ते मला ठाऊक आहे. तुम्ही म्हणाल की, मी हे घर सोडून जातो. मग माझं उत्तर ऐका." असं करत करत अख्खा प्रवेश दोघांचाही त्यांनी एकटीनं म्हटला. नवरा नुसता घाम पुसत उभा. गावच्या पुढाऱ्यांनी शेवटी भाषण केलं आणि नवऱ्याचं काम करणाऱ्यानं न बोलता जे दुःख दाखवलं त्याला तोड नाही, असं सांगून नारळ त्याला दिला.

"आणि तुम्हांला?"

"हिला काय. सगळ्यांस्नी वाटलं, बाई लईच बोलती."

टीव्हीवर मात्र ह्या रीतीनं घोळ व्हायचा. तिथं एकेकाचा चेहरा वेगळा टिपतात. समोरचा नट आपलं काम आटपून चहाला गेलेला असतो आणि त्याची वाक्यं कुणीतरी कागदावरून भराभर वाचून टाकतं. बाईंना ते चालायचं नाही. कुणीतरी समोर बसल्याखेरीज त्या तोंडच उघडायच्या नाहीत. एकदा एका मोठ्या नटानं नकार दिला, तर त्यांनी दिवे लावणाऱ्या माणसाला खाली बोलावून त्याच्याशी भांडणाचा सबंध प्रसंग केला. त्या माणसाला सुनावलेलं इतकं लागलं की जेवणाच्या सुट्टीत येऊन तो म्हणाला, "बाई, माझं काय चुकलं असंल तर सांगा."

त्यांनी सुनेला घराबाहेर काढलं ते वर्ष मला चांगलं आठवतं. मालिकेतल्या सुनेला. दुसऱ्या दिवशी आम्ही लक्ष्मीपुरीच्या बाजारात गेलो तर मुरगूडहून भाजी घेऊन येणारी एक बाई मेथी द्यायला तयार होईना. "पोटुशी सून भाईर काढली तुमी. तुमास्नी माझी भाजी न्हाई."

दुसरी कुणी असती तर हसून पुढं गेली असती. बाई पाटी सरकवून तिच्याशेजारी बसल्या. "तुला एकच बाजू म्हाईत हाय," म्हणाल्या, आणि त्या खाष्ट सासूची लहानपणापासूनची कर्मकहाणी सांगायला लागल्या. त्यातलं निम्मं मालिकेत कधीच नव्हतं. गिऱ्हाइकं उभी राहून ऐकायला लागली. शेवटी मेथीवालीनं डोळ्यांना पदर लावला आणि दोन पेंढ्या पिशवीत घातल्या. "तरीबी काढाय नगं हुती," ती म्हणाली. "ते हिलाबी पटलंय," बाई म्हणाल्या. तेव्हापासून दोघींचं जमलं ते कायमचं.

अशा बाईला घाबरलेलं मी एकदाच पाहिलं. मी तिथं राहायला लागून नऊ-दहा वर्षं झाली होती, बाई सत्तरीच्या पुढं गेल्या होत्या. कामं कमी होत चालली होती, आणि ते त्यांना लागत होतं. अशात एका नव्या मालिकेचं बोलावणं आलं. चित्रीकरण कोल्हापूरजवळच्याच गावात, काम शेतकरी घरातल्या म्हातारीचं, आणि भाषा अस्सल इथली पाहिजे असं त्या मंडळींनी बजावून सांगितलं होतं. पन्नास वर्षांत बाईंनी राण्या केल्या, डॉक्टरीण केली, न्यायाधीशाची बायको केली. कोल्हापूरकडची बाई कधी केली नव्हती. मला वाटलं, आता पेढे येणार. पेढे राहू देत, दोन दिवस मला साडेसहाची हाकसुद्धा आली नाही. तिसऱ्या दिवशी आली. खाली गेले तर हातात कागद नव्हता.

"मास्तरीण," त्या म्हणाल्या, "हिला 'आलो' म्हणता येईना."

मला काही उमगेना.

"मी आलो. मी जेवलो. मी गेलतो. जीभच वळंना गं."

आता हे बाहेरच्या माणसाला सांगायला हवं. कोल्हापूरच्या बायका 'मी आले' म्हणत नाहीत, 'मी आलो' म्हणतात. बाप्या जसं बोलतो तसंच बाई बोलते. इथं नोकरी लागल्यावर पहिल्याच आठवड्यात वर्गातली एक पोरगी उठून म्हणाली, "बाई, मी काल आजारी पडलो हुतो," आणि मी इतर कुणी हसतंय का बघितलं. कुणी हसलं नाही. मग निबंध आले. 'मी सकाळी लवकर उठलो' असं मुली लिहायच्या आणि मी खाली लाल रेघ मारायची. वर्षानुवर्षं मारली. सगळ्या गल्लीतल्या बायका माझ्या कानाशी असंच बोलत होत्या. बाईंच्या तोंडून मात्र ते मी एकदाही ऐकलं नव्हतं, हे त्या संध्याकाळी माझ्या डोक्यात पहिल्यांदा शिरलं.

मग त्यांनी सांगितलं. त्या एकोणीस वर्षांच्या होत्या. माहेर कोडोलीचं, घरची शेती. नाटकाच्या स्पर्धेला पहिल्यांदाच परगावी गेल्या होत्या. काम राणीचं. राजा अंथरुणाला खिळलेला, शेवटच्या घटका मोजतोय, तो हाक मारतो आणि राणी आतून 'आले हं' म्हणत धावत येते. तालमीत शंभर वेळा बरोबर म्हटलेलं. त्या दिवशी हाक ऐकली आणि विंगेतून निघून गेलं, "आलो, आलो." राणी आली, तरी लोक तिच्यामागून कोण पुरुष येतोय म्हणून बघत राहिले. मग एकजण हसला आणि सगळं थिएटर हसत सुटलं. मरायला टेकलेला राजा उशीत तोंड खुपसून हसला.

"दिग्दर्शक म्हणाला, दिसतीस राणी आणि बोलतीस गड्यावानी. त्या दिवशी ठरवलं. परत तोंडातनं त्ये येऊ द्यायचं न्हाई."

पुस्तकी भाषा लौकर साधली. पण घरी आपल्या बोलीत बोलताना जीभ घसरायचीच. म्हणून मग त्यांनी कोल्हापुरीतला 'मी'च काढून टाकला. 'मी' नाही तर 'आलो' नाही. त्या जागी 'ही' आणून बसवली. तिला 'आली' म्हणता येतं, चुकायची भीती नाही. पन्नास वर्षं ही बाई स्वतःच्या घरात स्वतःला परकी म्हणून वावरत होती आणि मी तिला नखरा म्हणत होते. मला माझी लाज वाटली.

"नका घेऊ हे काम," मी म्हणाले. "दुसरं येईल."

"न्हाई. हे काम आईचं हाय." बाई हळू बोलत होत्या. "आई अशीच बोलायची. आता तिच्यासारखं बोलणारं घरात कोण ऱ्हायलं न्हाई. शेवटची कैक वर्सं तर ती हिच्याशी बोलायचीच न्हाई, नुसती मान हलवायची. आवाज इसराय लागलाय मला तिचा. एकदा तिच्यासारखं बोलून बघायचंय. जमलं तर जमलं."

म्हातारपण असेल, दुखणं असेल, असं समजून मी मान हलवण्याबद्दल काही विचारलं नाही.

मग आमचा अर्धा तास उलटा फिरला. जन्मभर 'आलो'ला लाल रेघ मारणारी मी 'आले' ऐकलं की टोकायला लागले. बाई सकाळी बाजारात मेथीवालीशेजारी जाऊन बसायच्या आणि ती बोलेल ते कानात साठवून आणायच्या. ती एकदा म्हणाली, "बाई, आमच्या पोरी तुमच्यावानी बोलाय शिकाय लागल्यात, आन् तुमी आमच्यावानी शिकताय व्हय?" बाईंनी समोरच्या गिऱ्हाइकाला तिचा दुधी विकून दिला.

संहितेबद्दल तर विचारू नका. लिहिणारे मुंबईचे. त्यांनी म्हातारीच्या दर दुसऱ्या वाक्यात 'नाद खुळा' घातला होता. "हिचा नवरा मेला तरी ही 'नाद खुळा'च म्हणंल," असं म्हणत बाईंनी ते सगळे खोडून काढले. पण त्या कागदांत एक प्रसंग होता. म्हातारीची लेक घरच्यांच्या मनाविरुद्ध लग्न करून गेलेली. कित्येक वर्षांनी ती परत येते, अंगणाबाहेर उभी राहते आणि 'आई' म्हणून हाक मारते. म्हातारी मागच्या खोलीतून ओ देत बाहेर येते. लिहिलं होतं 'आले, आले गं बाय', ते बाईंनी 'आलो, आलो गं बाय' केलं. बस, इतकंच. बाईंचा जीव त्या एका वाक्यात अडकला होता. रोज संध्याकाळी मी जिन्याच्या पायरीवरून 'आई' म्हणायचे आणि त्या स्वयंपाकघरातून यायच्या. पहिले पंधरा दिवस 'आले' यायचं, नाहीतर 'आलो' यायचं ते घोकलेलं. मग एका संध्याकाळी जे आलं त्यानं मीच पायरीवर उठून उभी राहिले. पाठ केलेलं नव्हतं ते. कुणीतरी खरंच आतून येत होतं.

चित्रीकरणाच्या दिवशी मी रजा टाकून गेले. बाईंनी दिग्दर्शकाला सांगितलं, "पावणं, पोरगीला म्हणावं, खरी हाक मार." एकदाच घेतला तो प्रसंग. झाल्यावर चहा आला. परत येताना गाडीत बाई खिडकीबाहेर बघत होत्या. "जमलं की गं," एवढंच म्हणाल्या.

आता माझ्याविषयी सांगायला हवं. ते टाळता येणार नाही.

त्याच आठवड्यात त्या मालिकेत भाषेचं काम बघणारी एक मुलगी माझ्या शाळेत आली. मुंबईची, चटपटीत, पाठीला पिशवी. सहामाहीचे पेपर तपासत बसले होते मी. "मॅडम, तुम्ही मराठी शिकवता ना? आजी एका ठिकाणी 'आलो' म्हणाल्यात. वरून विचारतायत, चूक राहिली का म्हणून. बाईनं 'आलो' म्हणणं व्याकरणात बसतं का?"

"व्याकरणात नाही बसत," मी म्हणाले.

ते खरं होतं. त्यापुढचं वाक्यही मला येत होतं. इथल्या सगळ्या बायका असंच बोलतात, आणि ह्या बाईंना ते वाक्य परत मिळवायला पन्नास वर्षं लागली. ते मी बोलले नाही. तिला घाई होती आणि मला पेपर संपवायचे होते. यापेक्षा मोठं कारण मी शोधून बघितलं, सापडलं नाही. ती आभार मानून गेली. माझ्यासमोरच्या पेपरात एका मुलीनं 'मी आजोळी गेलो' असं लिहिलं होतं. मी त्याखाली रेघ मारली.

तो भाग लागायचा त्या संध्याकाळी बाईंनी गल्लीतल्या बायकांना बोलावलं होतं. आठ-दहाजणी दाटीवाटीनं बसल्या होत्या. बाई सगळ्यांच्या पुढं, जमिनीवर, टीव्हीच्या अगदी जवळ. लेक आली. हाक मारली. आणि मागच्या खोलीतून आवाज आला, "आले, आले गं बाय." कोवळा, गोड, धुतल्यासारखा स्वच्छ आवाज. कुण्या दुसऱ्या बाईचा. मग दारातून बाई बाहेर आल्या, त्यांचा चेहरा, त्यांचे डोळे, त्यांचं धापा टाकणं.

समोरच्या घरातल्या वहिनी म्हणाल्या, "बाई, ह्यो आवाज तुमचा न्हाई की."

"न्हाई," बाई म्हणाल्या. मग म्हणाल्या, "आवाज देणारी पोरगी गोड बोलली पण." आणि सगळ्यांना चहा टाकायला उठल्या.

मला त्याच क्षणी सगळं कळलं होतं. मी चहा न घेता वर गेले.

बाईंनी कुणापाशी रडगाणं गायलं नाही. दुसऱ्या दिवशी कामावर गेल्या आणि त्यांच्या पुस्तकी मराठीत दिग्दर्शकाला म्हणाल्या, "तुम्ही पुसत राहा. मी म्हणत राहणार." आणि खरोखर म्हणत राहिल्या. 'आलो', 'जेवलो', 'बघितलो'. त्या लोकांनी म्हातारीच्या तोंडची 'मी'ची वाक्यं काढली, तर ह्या नव्यानं घालायच्या. शेवटी म्हातारीला तीर्थयात्रेला धाडून देऊ, असा निरोप आला. म्हणजे काम बंद. ह्या वयात दुसरं काम येणार नाही हे बाईंना ठाऊक होतं. "धाडा की," त्या म्हणाल्या.

बाईंचं काम नसलेल्या एका शनिवारी मी शाळा सुटल्यावर तिथं गेले आणि सगळ्यांसमोर सांगितलं, "व्याकरणात बसत नाही, आणि इथल्या बायका असंच बोलतात. दोन्ही खरं आहे. मी तुम्हांला अर्धंच सांगितलं." दिग्दर्शकानं ऐकून घेतलं. म्हणाला, "मॅडम, तो भाग तर गेला." पुढं त्यांनी बाईंचा आवाज पुसायचं सोडून दिलं. माझ्यामुळं सोडलं असं मला म्हणायला आवडलं असतं. पण ती भाषेवाली मुलगी म्हणाली, रोज दुसरा आवाज भरायची कटकट व्हायला लागली होती. म्हातारीची यात्रा टळली. पुढं वर्षभर बाई महाराष्ट्राच्या घराघरांत 'मी आलो' म्हणत होत्या. फक्त लेकीच्या हाकेला दिलेली ओ तेवढी त्या परक्या बाईच्या आवाजात राहिली, ती कायमची.

त्या शनिवारनंतर बाईंना सांगायला मी आणखी आठवडा घेतला. त्या दिवशी साडेसहाला खाली गेले तेव्हा त्या ताट मांडीवर घेऊन गहू निवडत होत्या. कागद शेजारी पडला होता. मी तो उचलला नाही.

"ती मुलगी आधी मला विचारायला आली होती," मी म्हणाले. "व्याकरणात बसत नाही असं मीच सांगितलं."

"म्हाईत हाय," बाई म्हणाल्या. "त्यो भाग लागल्याच्या दुसऱ्या दिवशीच तिनं सांगितलं हिला."

"मग तुम्ही मला काही बोलला का नाहीत?"

त्यांनी ताटातला एक खडा काढून बाजूला टाकला. मग दुसरा.

"काय बोलायचं? तू एकदा सांगितलंस, तेबी परक्या पोरीला, तिनं इचारलं म्हणून." त्यांनी ताट खाली ठेवलं. "आई शेतातनं यायची. डोक्यावर भारा. दारातनंच म्हणायची, आलो गं बाय. मी आतनं वरडायचो, आलो न्हाई, आले म्हण. ती हसायची आधी. मग शेजारणीला म्हणाली, लेकीम्होरं त्वांड उघडाय भ्या वाटतंय. मग नुसती मान हलवाय लागली. कुणी इचारलं नव्हतं मला. तरीबी रोज टोकत हुतो मी तिला."

कागद नव्हता, प्रसंग नव्हता, समोर कुणाचं वाक्य नव्हतं. बाई आपल्या बोलीत 'मी' म्हणाल्या होत्या, 'टोकत हुतो' म्हणाल्या होत्या, आणि ते त्यांना कळलंही नव्हतं. मी ते त्यांना सांगितलं नाही.